चार हिरवे तराजू आणि एकही चालू नाही

फेब्रुवारीतला मंगळवार होता. सकाळी साडेदहाच्या सुमारास नागपूरच्या कळमना मार्केटमधून मुनीमजींचा फोन आला. "भाऊ, तुमचा तराजू तर कोपऱ्यात दिसून राहिला, पण वजन काही चढून नाही राहिलं." मागे मिरचीच्या यार्डातला नेहमीचा गलका ऐकू येत होता, हमालांच्या हाका आणि कोणाचं ना कोणाचं खोकणं.

तराजू म्हणजे माझ्या प्रोग्रॅमचं चिन्ह. एका अडत्याच्या दुकानासाठी तीन वर्षांपूर्वी मी हा प्रोग्रॅम लिहून दिला होता. वाळल्या मिरचीचं पोतं इलेक्ट्रॉनिक काट्यावर ठेवलं की इंडिकेटरवर वजन येतं, तेच वजन सिरियल केबलमधून कॉम्प्युटरला मिळतं आणि त्या शेतकऱ्याच्या नावापुढे आपोआप चढतं. प्रोग्रॅमची विंडो सतत उघडी ठेवायची गरज नसते. मुनीमजी त्याच कॉम्प्युटरवर बिलं करतात, हिशोब पाहतात. म्हणून फुली दाबून विंडो मिटली की प्रोग्रॅम मागे चालू राहतो आणि खाली उजवीकडे, घड्याळाशेजारी, हिरवा तराजू दिसत राहतो. मायक्रोसॉफ्ट त्या जागेला नोटिफिकेशन एरिया म्हणते, विंडोज ९५ पासून ती आहे, आणि आपण सगळे तिला सिस्टिम ट्रे म्हणतो. मुनीमजींना मी पहिल्याच दिवशी सांगून ठेवलं होतं की हिरवा तराजू दिसतोय तोवर काळजी करू नका.

त्यांनी माझ्या शब्दावर विश्वास ठेवला आणि काळजी केली नाही.

महाल भागातून निघालो, इतवारीच्या गर्दीतून वाट काढत अर्ध्या तासात कळमन्याला पोचलो. दुकानात शिरता शिरताच मिरचीचा ठसका बसला. टेबलापाशी भिवापूरकडचा एक शेतकरी रिकाम्या पोत्यावर बसला होता. त्याची १९ पोती होती. पहिली ८ कॉम्प्युटरवर चढली होती, पुढची ११ नव्हती. दिवाळीपर्यंत मापाडी प्रत्येक वजन वहीतही लिहीत असे. पण कॉम्प्युटर सगळं बरोबर करतोय हे पाहून वही बंद झाली होती. आणि ती ११ पोती आता खरेदीदाराच्या गाडीत चढलेली होती. हमालांनी ती एकेक करून परत उतरवली, काट्यावर ठेवली, वजन कागदावर लिहिलं आणि परत चढवली. त्यात सव्वा तास गेला. शेतकरी काही बोलला नाही. पहाटे घरून निघालेला माणूस, पैसे हातात पडल्याशिवाय त्याला परतीची गाडी धरता येत नव्हती, एवढंच तो अधूनमधून मोबाइलवर घड्याळ पाहून सांगत होता. हमालांना त्या जास्तीच्या कामाचे पैसे मी माझ्या खिशातून दिले. ते मलाच द्यायला हवे होते.

मग मी कॉम्प्युटरसमोर बसलो. कीबोर्डच्या बटणांमधून तांबूस पूड साचलेली होती. कोपऱ्यात पाहिलं तर एक नव्हे, चार हिरवे तराजू एका ओळीत उभे. मी माऊस हळूच पहिल्यावर नेला. तो नाहीसा झाला. दुसऱ्यावर नेला, तोही गेला. तिसरा, चौथा. शेजारच्या आवाजाच्या चिन्हाने आणि नेटवर्कच्या चिन्हाने सरकून जागा भरून काढली, आणि तिथे तराजू कधी होता याची खूणही उरली नाही. टास्क मॅनेजर उघडला. माझा प्रोग्रॅम यादीत नव्हताच.

"हे काय झालं?" मुनीमजींनी विचारलं. "तुम्ही बंद केला का?"

"नाही काका, तो आधीच बंद पडला होता. त्याचं चित्र तेवढं मागे राहिलं होतं."

विंडोजच्या इव्हेंट व्ह्यूअरमध्ये, म्हणजे त्याच्या नोंदवहीत, डॉट नेट रनटाइमची (माझा प्रोग्रॅम ज्याच्यावर चालतो त्याची) १०२६ क्रमांकाची नोंद सापडली, वेळ ९ वाजून ५२ मिनिटं. आठव्या पोत्याची वेळ ९ वाजून ५१. म्हणजे आठवं पोतं चढलं आणि लगेच प्रोग्रॅम कोसळला. खाली वाकून पाहिलं तर सिरियल केबल ज्या यूएसबी कन्व्हर्टरला लावलेली असते तो कॉम्प्युटरमधून अर्धा बाहेर आला होता. येता-जाता कोणाचा पाय लागला असणार. हा झाला एक तराजू. उरलेले तीन कुठून आले, ते मुनीमजींनीच सांगितलं. त्या सकाळी वजन मधूनच अडकत होतं, म्हणून त्यांनी डेस्कटॉपवरची "काटा रीस्टार्ट" ही फाईल तीनदा दाबली होती. ती बॅच फाईल, म्हणजे लिहिलेल्या कमांड ओळीने चालवणारी फाईल, तीही मीच करून दिलेली. तिच्यात टास्ककिलची, म्हणजे चालू प्रोग्रॅम बंद करायच्या कमांडची, ओळ होती, /एफ लावलेली. तो /एफ प्रोग्रॅमला विचारत नाही, सरळ संपवतो.

प्रोग्रॅम मेल्यावर चिन्ह मागे का राहतं हे मला वरवर ठाऊक होतं. त्या रात्री घरी बसून मी ते नीट समजून घेतलं, कारण कारण कळल्याशिवाय केलेली दुरुस्ती पुन्हा कुठेतरी दगा देतेच.

एखादी प्रोसेस, म्हणजे चालू असलेला प्रोग्रॅम, संपते तेव्हा विंडोज तिचं सगळं आवरतं. मेमरी परत घेतं, उघड्या फाईल बंद करतं, पोर्ट सोडतं, तिच्या विंडो नष्ट करतं. मग चिन्ह का आवरत नाही? कारण ते चिन्ह त्या प्रोसेसचं नसतंच. टास्कबार, घड्याळ आणि ट्रे हे सगळं एक्सप्लोरर नावाची वेगळी प्रोसेस चालवते. माझा प्रोग्रॅम शेल नोटिफाय आयकॉन या फंक्शनमधून एक्सप्लोररला निरोप देतो. निरोपाचे मुख्य प्रकार तीन, ॲड, मॉडिफाय आणि डिलीट. ॲड म्हणताना मी चित्र देतो, माऊस नेल्यावर दिसायचा मजकूर देतो आणि माझ्या एका विंडोचा हँडल, तिची ओळख सांगणारा आकडा, देतो, म्हणजे कोणी क्लिक केलं तर ते कुठे कळवायचं हे एक्सप्लोररला समजतं. एक्सप्लोरर हे सगळं आपल्या यादीत नोंदवून ठेवतो. पुढे माझी प्रोसेस संपली तर ती यादी आपोआप बदलत नाही. डिलीटचा निरोप आला तर चिन्ह जातं. तो आला नाही तर, कोणीतरी माऊस त्या चिन्हावर नेईपर्यंत ते तसंच राहतं. माऊस आला की एक्सप्लोरर ती विंडो अजून आहे का हे तपासतो, नसेल तर चिन्ह काढून टाकतो. माझ्या माऊसखाली एकेक तराजू नाहीसा झाला तो असा. मुनीमजी दिवसभर कीबोर्डवर काम करतात, माऊस त्या कोपऱ्यात कशाला नेतील? म्हणून सकाळपासूनचे चारही तिथे टिकून होते.

आमच्याकडे भाड्याच्या खोलीबाहेर भाडेकरूच्या नावाची पाटी लावतात, भाडेकरू गेला तरी पाटी भिंतीवर राहते, ती त्यानेच जाताना काढायची असते. हे तसंच आहे. आणि बाहेरून येणारा माणूस पाटी वाचूनच दार ठोठावतो.

आता माझा कोड. प्रोग्रॅम सी शार्पमध्ये आहे, विंडोज फॉर्म्समधला, डॉट नेट फ्रेमवर्क ४.८ वर. तिथे शेल नोटिफाय आयकॉनला थेट हात लावावा लागत नाही, नोटिफाय आयकॉन नावाचा तयार कंपोनंट मिळतो. व्हिजिबल ट्रू केलं की ॲड जातं, फॉल्स केलं किंवा डिस्पोज बोलावलं की डिलीट जातं. इतकं सोपं असताना माझ्याकडून चुकलं कुठे? ट्रेवरच्या मेन्यूत "बंद करा" आहे, आणि तिथे मी एन्व्हायरन्मेंट.एक्झिट लिहिलं होतं. ही ओळ प्रोसेस जिथल्या तिथे संपवते. फॉर्म, म्हणजे माझी विंडो, रीतसर बंद होत नाही, त्याचं डिस्पोज होत नाही, फायनली ब्लॉक, म्हणजे शेवटच्या आवराआवरीचा कोड, चालत नाहीत. म्हणजे "बंद करा" दाबूनसुद्धा तराजू मागे राहत होता, तीन वर्षं. मुनीमजी सहसा प्रोग्रॅम बंदच करत नसत आणि संध्याकाळी कॉम्प्युटरच बंद करत, म्हणून ते कधी कोणाच्या डोळ्यावर आलं नाही.

मी तेव्हा ॲप्लिकेशन.एक्झिट का लिहिलं नसेल, हे शोधायला जुनी वही काढली. त्यात नोंद सापडली: "ॲप. एक्झिटने बंद होत नाही." आणि त्यामागचं कारण तेव्हा मी शोधलंच नव्हतं. ते आता सापडलं, आणि ट्रेमध्ये राहणारा प्रोग्रॅम लिहिणाऱ्या प्रत्येकाने ते लक्षात घ्यावं असं मला मनापासून वाटतं. फुली दाबली तर विंडो बंद न होता लपावी म्हणून मी फॉर्म क्लोझिंग या इव्हेंटमध्ये कॅन्सल ट्रू करत होतो. पण ॲप्लिकेशन.एक्झिटसुद्धा आधी प्रत्येक फॉर्मला फॉर्म क्लोझिंग पाठवतं, आणि एकाही फॉर्मने नकार दिला तर बाहेर पडणंच रद्द करतं. माझाच फॉर्म नकार देत होता. मी दाराला आतून कडी घातली होती आणि दार उघडत नाही म्हणून भिंत फोडली होती.

उपाय त्याच इव्हेंटमध्ये आहे. त्याच्यासोबत क्लोज रीझन येतं, म्हणजे विंडो का बंद होतेय ते. यूजर क्लोझिंग असेल, म्हणजे फुली दाबलेली असेल, तरच कॅन्सल करायचं आणि लपवायचं. ॲप्लिकेशन एक्झिट कॉल असेल, विंडोज शटडाउन असेल, तर मुकाट्याने बंद व्हायचं. हे तपासलं नाही तर कॉम्प्युटर बंद करतानाही तुमचा प्रोग्रॅम आडवा येतो. संध्याकाळी "हा प्रोग्रॅम शटडाउन होऊ देत नाही" असा निळा पडदा येतो म्हणून मुनीमजींनी एकदा सांगितलं होतं आणि मी "दाबा तसंच बंद" म्हणालो होतो. त्या तक्रारीचं मूळही इथेच होतं.

दुसरी गोष्ट पोर्ट वाचणाऱ्या थ्रेडची. थ्रेड म्हणजे प्रोग्रॅमच्या आत स्वतंत्रपणे चालणारं एक काम. तो फोरग्राउंड थ्रेड होता, म्हणजे सगळ्या विंडो गेल्या तरी तो चालू असेपर्यंत प्रोसेस जिवंत राहते. त्याला बॅकग्राउंड केलं. शिवाय तो नवं वजन आलं की स्क्रीनवर दाखवण्यासाठी इन्व्होक वापरत होता. इन्व्होक म्हणजे मुख्य थ्रेडने काम पूर्ण करेपर्यंत थांबणं. आणि बंद होताना मुख्य थ्रेड पोर्ट बंद होण्याची वाट पाहतो, पोर्ट त्या वाचणाऱ्या कामाची वाट पाहतो, ते काम मुख्य थ्रेडची. तिघेही एकमेकांकडे पाहत बसतात. बिगिन इन्व्होक केलं, म्हणजे निरोप ठेवायचा आणि पुढे जायचं, आणि ती गाठ सुटली.

आता चिन्ह नेमकं कधी काढायचं, यावर मी बराच वेळ विचार केला. "बंद करा" दाबल्या दाबल्या सगळ्यात आधी काढून टाका, असं करणारे बरेच जण आहेत, कारण मग ते राहून जायची भीती नाही. मला ते पटलं नाही. समजा चिन्ह आधी गेलं आणि नंतर पोर्ट बंद होताना प्रोग्रॅम अडकला. मग प्रोसेस जिवंत, पोर्ट तिने धरून ठेवलेला, आणि कोपऱ्यात काहीच नाही. मुनीमजी नवा प्रोग्रॅम सुरू करतील, त्याला पोर्ट मिळणार नाही, आणि कारण कोणालाच दिसणार नाही. माझ्या मते चिन्ह शेवटी जायला हवं. ते आहे म्हणजे प्रोसेस आहे, ते नाही म्हणजे प्रोसेस नाही, हा शब्द मी मुनीमजींना दिला होता आणि तोच कोडमध्ये उतरायला हवा. म्हणून नोटिफाय आयकॉन फॉर्ममधून बाहेर काढून मेनमध्ये, म्हणजे प्रोग्रॅम जिथून सुरू होतो तिथे, आणला. ॲप्लिकेशन.रन ट्राय ब्लॉकमध्ये, आणि फायनलीमध्ये आधी पोर्ट बंद, मग व्हिजिबल फॉल्स, मग डिस्पोज. डिस्पोज एकटं पुरतं, पण वरची ओळ वाचणाऱ्याला हेतू सांगते म्हणून ठेवली.

रात्रीचा दीड वाजला होता. "बंद करा" दाबलं, तराजू गेला. पुन्हा सुरू केला, पुन्हा बंद केला, तराजू गेला. दहा वेळा केलं.

पण कळमन्यात जे घडलं ते मेन्यूतून बंद केल्याने घडलं नव्हतं. कन्व्हर्टर निसटला, वाचणाऱ्या थ्रेडमध्ये एक्सेप्शन, म्हणजे चालता चालता आलेली चूक, आलं, ते कोणी पकडलं नाही. डॉट नेट २.० पासून, म्हणजे २००५ पासून, अशा वेगळ्या थ्रेडमधलं न पकडलेलं एक्सेप्शन अख्खी प्रोसेस खाली आणतं. इथे दोन कामं केली. एक, ॲप डोमेनच्या अनहँडल्ड एक्सेप्शन इव्हेंटमध्ये चिन्ह काढायची ओळ आणि लॉग फाईलमध्ये नोंद. हा इव्हेंट दुसऱ्याच थ्रेडवर येऊ शकतो, तरी तिथून व्हिजिबल फॉल्स केल्यावर चिन्ह व्यवस्थित गेलं. पण ही शेवटची जाळी झाली. खरं काम दुसरं. केबल निसटणं ही बाजारात रोज होऊ शकणारी गोष्ट आहे, तिने प्रोग्रॅम मरताच कामा नये. थ्रेड आता ते एक्सेप्शन पकडतो, तराजू हिरव्याचा लाल करतो, विंडो आपणहून सगळ्यांच्या वर आणतो, त्यात मोठ्या अक्षरांत "काटा जोडलेला नाही, वजन चढत नाही" असं दाखवतो आणि आवाज करत राहतो. दर दोन सेकंदांनी पोर्ट परत आला का ते पाहतो. आला की स्वतःच उघडतो.

मग बॅच फाईल. टास्ककिलमधला नुसता /एफ काढून भागेल असं मला वाटलं होतं. भागलं नाही. /एफ नसलेलं टास्ककिल विंडोला फक्त बंद होण्याचा निरोप देतं, आणि लपून चालणारा माझा प्रोग्रॅम त्याने बंद झाला नाही. तेव्हा दुसरा मार्ग काढला. प्रोग्रॅम सुरू होताना नाव दिलेला एक इव्हेंट वेट हँडल, म्हणजे दुसऱ्या प्रोसेसला वाजवता येईल अशी घंटा, तयार करतो आणि त्यावर कान लावून बसतो. प्रोग्रॅमचीच फाईल "/बंद" असं लावून पुन्हा चालवली की दुसरी प्रत तो इव्हेंट वाजवते आणि निघून जाते. पहिली प्रत तो ऐकते आणि मुख्य थ्रेडवरून ॲप्लिकेशन.एक्झिट करते, म्हणजे पोर्ट, चिन्ह, सगळं क्रमाने. "काटा रीस्टार्ट" आता आधी हे करते, पाच सेकंद थांबते, आणि तरीही प्रोसेस उरली असेल तरच /एफ वापरते.

यात एक खड्डा होता. कॉम्प्युटर सुरू होताना प्रोग्रॅम लपलेलाच सुरू होतो, विंडो एकदाही दिसलेली नसते. अशा फॉर्मला हँडलच तयार झालेला नसतो, आणि हँडल नसताना बिगिन इन्व्होक केलं की एक्सेप्शन येतं. घरी मी नेहमी विंडो उघडून तपासत होतो, म्हणून हे दिसलं नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी योगायोगाने कॉम्प्युटर रीस्टार्ट केला आणि पाहिलं की "/बंद" दिल्यावर लॉगमध्ये एक्सेप्शनची नोंद. सुरुवातीलाच फॉर्मचा हँडल एकदा वाचला की तो तयार होतो. एक ओळ, पण ती शोधायला माझी अख्खी दुपार गेली.

उलटी बाजूही तपासली. प्रोग्रॅम चालू आहे आणि एक्सप्लोररच पडला तर? टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर रीस्टार्ट केला. टास्कबार क्षणभर गेला, परत आला, आणि तराजू त्याच्यासोबत परत आला. टास्कबार नव्याने तयार झाला की विंडोज "टास्कबार क्रिएटेड" असा निरोप सगळ्या वरच्या विंडोंना पाठवतं, आणि नोटिफाय आयकॉन तो ऐकून स्वतःला परत नोंदवतो. सी किंवा सी प्लस प्लसमध्ये थेट लिहिणाऱ्याला हे हाताने करावं लागतं. जावामध्ये सिस्टिम ट्रेचं रिमूव्ह, इलेक्ट्रॉनमध्ये ट्रेचं डिस्ट्रॉय, क्यूटीमध्ये हाइड, नावं वेगळी असली तरी चिन्ह काढायचं काम तेच.

एक दार मात्र उघडंच राहतं. टास्क मॅनेजरच्या डिटेल्समधून कोणी एंड टास्क केलं तर माझी एकही ओळ चालत नाही, चिन्ह मागे राहणार म्हणजे राहणार. यावर एक युक्ती पुष्कळ ठिकाणी वापरतात. टास्कबारच्या आतल्या विंडो नावाने शोधायच्या, ट्रेच्या टूलबारपर्यंत पोचायचं आणि त्यावरून माऊस फिरतोय असे खोटे निरोप पाठवायचे, म्हणजे एक्सप्लोरर मेलेली चिन्हं झाडून टाकतो. विंडोज १० वर मी करून पाहिलं, चाललं. पण ठेवलं नाही. त्या आतल्या विंडोंची नावं आणि रचना कोणी आपल्याला कबूल केलेली नाही, विंडोज ११ मध्ये टास्कबार नव्याने लिहिला गेला आणि तिथे या युक्तीवर विसंबता येत नाही. दुकानात पुढच्या वर्षी नवा कॉम्प्युटर आला की हीच गोष्ट गुपचूप बंद पडेल, आणि गुपचूप बंद पडणं हाच तर सगळा त्रास होता. त्यापेक्षा मी वजनाच्या नोंदीतच खात्री घातली. प्रत्येक वजन चढलं की बिलाच्या स्क्रीनवर पोत्याचा क्रमांक मोठ्या आकड्यात पुढे सरकतो आणि एक छोटा आवाज होतो. मापाड्याला कोपऱ्यात पाहायची गरजच राहत नाही, आवाज आला नाही तर त्याने थांबायचं.

पुढच्या सोमवारी सकाळी बाजार सुरू व्हायच्या आधी मी कळमन्यात होतो. नवा प्रोग्रॅम टाकला. वहीत लिहून नेलेले सगळे मार्ग तिथेच एकेक करून पाहिले: मेन्यूतून बंद, फुली, रीस्टार्टची फाईल, साइन आउट, शटडाउन, एक्सप्लोरर रीस्टार्ट. मुनीमजी शेजारी चहाचा कप धरून पाहत होते. प्रत्येक वेळी ते स्वतः माऊस घेऊन कोपऱ्यात फिरवत आणि म्हणत, "हाव, गेला." शेवटी एंड टास्क केलं आणि त्यांना सांगितलं, "काका, हा एक राहणार. याच्यावर माऊस न्या." त्यांनी नेला, तो गेला. "म्हणजे शंका आली की माऊस फिरवायचा," ते म्हणाले. "राहिला तर जिता, गेला तर मेला." मी इतके दिवस शेल नोटिफाय आयकॉन समजावून सांगायचा प्रयत्न करत होतो, ते त्यांनी एका वाक्यात बसवलं.

मग पहिली गाडी लागली. पोती उतरली, मापाडी काट्यापाशी उभा राहिला. त्याला काहीही न सांगता तिसऱ्या पोत्याला मी टेबलाखाली हात घालून कन्व्हर्टर ओढला. स्क्रीनवर लाल विंडो आली, आवाज सुरू झाला. मापाड्याने मान वळवली, हात वर केला, आणि हमालाने चौथं पोतं खांद्यावरच थांबवलं. मी कन्व्हर्टर परत लावला. लाल विंडो गेली, कोपऱ्यातला तराजू हिरवा झाला, तिसऱ्या पोत्यापुढे ३८ किलो ४०० ग्रॅम चढलं, टिंग वाजलं, आणि मापाड्याने हात खाली घेतला.